एमिल कोंब : पोंसचा डॉक्टर ते फ्रान्सचा पंतप्रधान – या नोंदीत काय काय चुकलंय?

पानगळ

फ्रान्सच्या तिसऱ्या प्रजासत्ताकातल्या नेत्यांवर छोट्या चरित्रनोंदी तयार होत आहेत. एमिल कोंब (१८३५–१९२१) यांच्या नोंदीचा मसुदा सध्या असा आहे :

"कोंब मूळचे पाद्री. पाद्रीपण सोडून ते डॉक्टर झाले आणि गावाकडे दवाखाना चालवू लागले. पुढे डाव्यांच्या लाटेवर ते पंतप्रधान झाले आणि १९०५ चा कायदा करून त्यांनी चर्च आणि शासन यांची फारकत केली. फ्रीमेसन घोटाळ्यावरून संसदेत ठराव हरल्यामुळे त्यांचं सरकार पडलं."

जाणकारांनी तपासून द्यावं. शिवाय तीन शंका आहेत. डॉक्टरकीचा त्यांच्या राजकारणाशी खरंच काही संबंध होता की तो फक्त चरित्रातला रंग आहे? "तीन हजार शाळा बंद केल्या" असं सगळीकडे येतं, ते कोणत्या अधिकारात? आणि त्यांना 'डावे' म्हणणं कितपत बरोबर?

---

जुनेदप्तर

चार वाक्यांपैकी एकही जसंच्या तसं ठेवता येणार नाही. सुरुवातीपासून घेतो.

पाद्री ते कधीच नव्हते. जन्म ६ सप्टेंबर १८३५, तार्न जिल्ह्यातलं रोककुर्ब. वडील शिंपी, घरात मुलं बरीच, पैसा बेताचा. नात्यातल्या एका पाद्र्याने शिक्षणाचा खर्च उचलला आणि मुलाला सेमिनरीत घातलं. तिथे डोक्यावरचे केस विधिपूर्वक कापून घेण्यापर्यंत आणि खालच्या पायऱ्यांच्या दीक्षेपर्यंत मजल गेली. पुढची दीक्षा मिळाली नाही, कारण वरिष्ठांना हा मुलगा पाद्री होण्याजोगा वाटला नाही. तेव्हा "पाद्रीपण सोडलं" हे वाक्य काढाच. विरोधक त्यांना हिणवताना माजी पाद्री म्हणत, तेच पुढे संदर्भग्रंथांत झिरपलं.

त्यानंतर ते कॅथलिक शाळांत शिक्षक होते, आधी नीमला आणि मग १८६० पासून पोंसला. त्याच वर्षी साहित्य शाखेची डॉक्टरेट मिळाली. मुख्य प्रबंध संत थॉमस अक्वायनसच्या मानसशास्त्रावर, जोडीचा लॅटिन प्रबंध संत बर्नार आणि आबेलार यांच्या वादावर. म्हणजे ज्या माणसाने पुढे धर्मसंघांची (मठवासी आणि नन्स यांच्या संघांची) पाळंमुळं खणली, त्याला मध्ययुगीन ईश्वरशास्त्र संसदेतल्या बहुतेक बिशप-समर्थकांपेक्षा जास्त पाठ होतं. वादात त्यांना हरवणं अवघड जायचं त्याचं निम्मं कारण हे.

पोंसमधल्याच मुलीशी लग्न झालं आणि १८६४ मध्ये, एकोणतिशीच्या उंबरठ्यावर, वैद्यकी शिकायला ते पॅरिसला गेले. इथे एक तपशील नोंदीत यायला हवा. तेव्हा फ्रान्समध्ये वैद्यकीचे परवाने दोन प्रकारचे होते. 'ऑफिसिए द सांते' हा दुय्यम परवाना : तीन वर्षांचा अभ्यास, बाकालोरेआची (शालान्त परीक्षेची) अट नाही, पण व्यवसाय फक्त त्या एका जिल्ह्यात आणि मोठी शस्त्रक्रिया डॉक्टर हजर असल्याशिवाय करायची नाही. दुसरी पूर्ण डॉक्टरेट : दर तिमाहीला एक याप्रमाणे सोळा नोंदण्या, म्हणजे चार वर्षं, शिवाय पाच परीक्षा आणि प्रबंध. खेड्यापाड्यांत दुय्यम परवानेवाले खूप होते. तो परवाना १८९२ च्या कायद्याने बंद झाला. कोंब पूर्ण डॉक्टर होते. १८६८ चा त्यांचा प्रबंध रोग आनुवंशिक असतात या मताच्या विरोधात आहे. त्याच वर्षी पोंसला परत येऊन दवाखाना सुरू केला.

डॉक्टरकीचा संबंध नुसता रंगापुरता नाही, पण "गरिबांचे हाल पाहून राजकारणात आले" छापाचं काही लिहू नका. संबंध निवडणुकीच्या यंत्रणेशी आहे. शारांत-आँफेरिअर (१९४१ पासून शारांत-मारितीम) हा बोनापार्टवाद्यांचा, म्हणजे नेपोलियन घराण्याच्या समर्थकांचा, बालेकिल्ला. तिथे गावोगाव, शेतोशेत, घराच्या आतपर्यंत कोण जाऊ शकतं? पाद्री, जमीनदाराचा कारभारी, नोटरी, शिक्षक आणि डॉक्टर. पहिले दोघे उजवीकडे. शिक्षक सरकारी नोकर, त्याची बदली होते. उरला नोटरी आणि डॉक्टर. डॉक्टरला तर कुणाच्या मर्जीवर राहावं लागत नाही आणि पाद्र्याइतकीच घरं त्याला माहीत असतात. जवळजवळ प्रत्येक तालुक्याच्या गावी प्रजासत्ताकवाद्यांचा म्होरक्या डॉक्टर असण्यामागे हे कारण आहे. त्या काळात प्रतिनिधिगृहात साधारण दर दहांमागे एक सदस्य वैद्यकीतला असे.

पुढची शिडी बघा. १८६९ मध्ये बार्बेझिअच्या फ्रीमेसन (गुप्त विधी पाळणारा बंधुसंघ) लॉजमध्ये, म्हणजे स्थानिक शाखेत, प्रवेश. सत्तरच्या दशकाच्या मध्यापासून पोंसचे महापौर, ते थेट १९१९ पर्यंत. १८७९ मध्ये जिल्हा परिषदेवर. १८८१ मध्ये प्रतिनिधिगृहाची निवडणूक हरले. जानेवारी १८८५ मध्ये सिनेटर, आणि ते मरेपर्यंत.

ही १८८५ ची तारीख महत्त्वाची. सिनेटला थेट मतदान नसतं. जिल्ह्यातले खासदार, जिल्हा परिषद सदस्य, त्याखालच्या मंडळांचे सदस्य आणि नगरपरिषदांनी पाठवलेले प्रतिनिधी मिळून तेव्हा निवडत. आधी दर गावाला, मग ते शंभर उंबऱ्यांचं असो की पंचवीस हजार वस्तीचं, एकच प्रतिनिधी होता. डिसेंबर १८८४ च्या सुधारणेने मोठ्या गावांना जास्त प्रतिनिधी मिळाले. बोनापार्टवाद्यांची ताकद लहान खेड्यांत, प्रजासत्ताकवाद्यांची पोंससारख्या बाजारगावांत. सुधारणा झाली आणि पुढच्याच महिन्यात कोंब निवडून आले. तेव्हा 'लाट' हा शब्दही काढा. सार्वत्रिक मतदानाच्या लाटेत हा माणूस १८८१ ला बुडाला होता. जिंकला तो महापौरांच्या मतांवर, ज्यातल्या अनेकांना तो वर्षानुवर्षं ओळखत होता.

---

टिपणवही

जुनेदप्तर यांच्याशी सहमत. एकच भर : १८८५ ते १९०२ ही सतरा वर्षं रिकामी ठेवू नका. सिनेटमध्ये त्यांची ओळख शिक्षणतज्ज्ञ म्हणून होती. १८९२ मध्ये अल्जीरियातल्या मुस्लिम मुलांच्या प्राथमिक शिक्षणावर त्यांचा अहवाल आहे आणि त्यात त्यांनी शाळा वाढवायची बाजू घेतली. नोव्हेंबर १८९५ पासून जवळपास सहा महिने लेओं बुर्ज्वा यांच्या मंत्रिमंडळात शिक्षण आणि धर्म खातं. १९०१ च्या संस्था कायद्यावरच्या सिनेट समितीचे अध्यक्षही तेच. म्हणजे जून १९०२ मध्ये मावळते पंतप्रधान वाल्देक-रूसो यांनी आपला वारस म्हणून त्यांचं नाव सुचवलं तेव्हा हा कुणी अनोळखी गावठी डॉक्टर नव्हता. वय मात्र सहासष्ट होतं आणि दवाखाना केव्हाच मागे पडला होता.

---

कलमवार

शाळांचं सांगतो, कारण सगळ्यात जास्त गल्लत तिथेच होते.

१ जुलै १९०१ चा कायदा वाल्देक-रूसो यांचा. साध्या संस्थांना त्याने मोकळीक दिली (फ्रान्समध्ये आजही संस्था त्याच कायद्याखाली नोंदवतात), पण तिसऱ्या भागात धर्मसंघांना वेगळं काढलं. तेराव्या कलमानुसार संसदेच्या कायद्याने परवानगी मिळाल्याशिवाय धर्मसंघ अस्तित्वात राहू शकत नव्हता. परवानगी असलेल्या संघालाही नवी शाखा काढायची तर कौंसेय देताकडून (सरकारचं सल्लागार आणि प्रशासकीय न्यायमंडळ) हुकूम आणावा लागे, आणि शाखा बंद करायची तर मंत्रिमंडळाचा साधा हुकूम पुरे. चौदाव्या कलमाने परवानगी नसलेल्या संघाच्या सदस्याला शिकवायला बंदी. अठराव्याने आधीपासूनच्या संघांना अर्जासाठी तीन महिने. अर्ज नाही केला तर विसर्जन, आणि मालमत्ता न्यायालयाने नेमलेल्या परिसमापकाकडे (मालमत्ता विकून हिशेब मिटवणारा).

वाल्देक-रूसो यांना यातून धर्मसंघांवर देखरेख हवी होती. कोंब यांनी त्याच कलमांनी धर्मसंघ संपवायला घेतले. त्यासाठी नवा कायदा लागला नाही, अर्थ बदलला की काम होत होतं. जानेवारी १९०२ मध्ये कौंसेय देताचं मत आलं होतं की धर्मसंघाचा एक जरी सदस्य शिकवत असेल तरी ती शाळा म्हणजे त्या संघाची शाखाच. कोंब यांनी ते १९०१ च्या आधी उघडलेल्या शाळांनाही लावलं. जून १९०२ अखेर मुलींच्या सव्वाशेच्या आसपास शाळांवर हुकूम निघाला. जुलैत प्रेफेंना (जिल्ह्यातला केंद्राचा अधिकारी) परिपत्रक गेलं आणि अडीच ते तीन हजार शाळा त्या फेऱ्यात आल्या. तुमचा "तीन हजार" आकडा तो. लक्षात घ्या, त्या 'अर्ज न केलेल्या शाखा' होत्या. सगळ्या कॅथलिक शाळा नव्हत्या. ब्रिटनीत, विशेषतः फिनिस्तेरमधल्या प्लुदानिएल, सें-मेएँ आणि फोल्गोएत इथे, ऑगस्टमध्ये लोकांनी दारं अडवली आणि नन्सना बाहेर काढायला सैनिक आणावे लागले. त्याच शरद ऋतूत ब्रेटन भाषेतल्या प्रवचनांवर आणि धर्मशिक्षणावर परिपत्रक निघालं. न मानणाऱ्या पाद्र्याचा पगार थांबवायचा. पाद्र्यांना पगार सरकार देई, म्हणून ही चावी हातात होती.

दुसरा टप्पा परवानगीच्या अर्जांचा. पुरुषांच्या ५४ संघांचे अर्ज त्यांनी नकाराच्या शिफारशीसह प्रतिनिधिगृहात ठेवले, तेही एकेक करून नव्हे तर तीन गठ्ठ्यांत : २५ शिकवणारे, २८ प्रवचन करणारे आणि १ व्यापारी. हा एक म्हणजे लिकर बनवणारे शार्त्रझ मठवासी. मार्च १९०३ मध्ये गठ्ठेच्या गठ्ठे फेटाळले गेले. दोन्ही सभागृहांत जाण्याची गरज उरली नाही, कारण एकाचा नकार पुरतो असा अर्थ आधीच लावून ठेवला होता. २९ एप्रिलला ग्रांद शार्त्रझ मठ रिकामा केला, आणि लिकर पुढे स्पेनमधल्या तारागोनात बनू लागली. जूनमध्ये स्त्रियांचे ८१ संघ फेटाळले. जे वाचले त्यांची यादी बोलकी आहे : त्रापिस्त, आफ्रिकेतल्या मिशनचे 'पांढरे फादर', रुग्णसेवा करणारे 'संत जॉन ऑफ गॉड'चे बंधू. शेती, वसाहत आणि दवाखाना या तिन्ही गोष्टी सरकारला उपयोगाच्या.

तिसरा टप्पा ७ जुलै १९०४ चा कायदा : परवानगी असलेल्या संघांनाही शिकवायला बंदी, दहा वर्षांत सगळं बंद. दहा वर्षं भरली ती नेमकी १९१४ च्या उन्हाळ्यात. महायुद्ध सुरू होताच गृहमंत्री माल्व्ही यांनी अंमलबजावणी स्थगित केली.

यात फसलं ते दोन ठिकाणी. एक, अनेक शाळा काही आठवड्यांत पुन्हा उघडल्या, त्याच इमारतीत, त्याच बायका, फक्त झगा उतरवून साध्या कपड्यांत. संघ सोडल्याचा कागद दाखवला की न्यायालयाला उलटं सिद्ध करणं जड जाई. दोन, पैसा. धर्मसंघांकडे अब्जभर फ्रँकची मालमत्ता आहे, तिच्यातून कामगारांची पेन्शन भागेल, असं लोकांपुढे मांडलं गेलं होतं. इमारतींवर गहाण, मालकी तिसऱ्याच्या नावे, दावे वर्षानुवर्षं, आणि परिसमापकांची फी. हाती आलं ते नगण्य. त्यातला द्युएझ नावाचा परिसमापक अपहाराबद्दल १९१० मध्ये अटकेत गेला.

---

पानगळ

हे सगळं १९०१ च्या कायद्याखाली, तर मग १९०५ चा कायदा कुणाचा?

---

कलमवार

९ डिसेंबर १९०५ ला तो जाहीर झाला तेव्हा पंतप्रधान रुव्हिए होते, आणि मसुदा ब्रियाँ यांच्या समितीचा. कोंब जानेवारीतच गेले होते.

गंमत अशी की कोंब बराच काळ फारकतीच्या विरोधातच होते. १८०१ चा पोपशी झालेला करार, म्हणजे कॉन्कॉर्दा, त्यांना सोयीचा होता. बिशप सरकार नेमतं, पगार सरकार देतं, परवानगीशिवाय बिशपला आपलं क्षेत्र सोडता येत नाही. हातातला लगाम कोण सोडेल? म्हणूनच पंतप्रधानपदासोबत गृह आणि धर्म ही दोन्ही खाती त्यांनी स्वतःकडे ठेवली. प्रेफे आणि बिशप एकाच टेबलावरून.

१९०४ मध्ये लगाम तुटला. एप्रिलमध्ये राष्ट्राध्यक्ष लूबे रोमला इटलीच्या राजाला भेटले. रोमवरचा इटलीचा हक्क न मानणाऱ्या पोप दहावे पायस यांनी निषेधाचा खलिता काढला. मग व्हॅटिकनने लाव्हाल आणि दिजोंच्या बिशपांना सरकारला न विचारता रोमला बोलावलं. ३० जुलैला संबंध तोडले. ४ सप्टेंबरच्या ओसेरच्या भाषणात कोंब यांनी प्रथमच फारकत हेच धोरण असल्याचं स्पष्ट सांगितलं आणि नोव्हेंबरात स्वतःचं विधेयक आणलं. त्यात धार्मिक संस्थांना जिल्ह्याच्या हद्दीबाहेर एकत्र यायला मनाई होती. देशभर विखुरलेल्या मूठभर प्रोटेस्टंटांचं त्यात सर्वांत जास्त नुकसान, म्हणून ते खवळले. ब्रियाँच्या मसुद्यात उलट : चौथ्या कलमाने मालमत्ता त्या त्या धर्माच्या सर्वसाधारण संघटन-नियमांना धरून असलेल्या संस्थांकडेच जाईल अशी हमी दिली. ३ जुलै १९०५ ला प्रतिनिधिगृहात ३४१ विरुद्ध २३३. कोंबचं विधेयक तसंच रेटलं असतं तर एवढी मतं पडली नसती, असं माझं मत.

---

सीमापार

शेवटचं वाक्य राहिलंय. ठराव हरून ते गेले नाहीत.

२८ ऑक्टोबर १९०४ ला ग्युयो द व्हिलनव्ह या खासदाराने सभागृहात कागद वाचून दाखवले. युद्धमंत्री जनरल आंद्रे यांच्या कार्यालयातला कॅप्टन मोलें हा ग्रांद ओरिआं या फ्रीमेसनांच्या मध्यवर्ती संघटनेच्या सचिव व्हादकारकडून अधिकाऱ्यांबद्दल गुप्त माहिती मागवत असे. माहिती गावोगावच्या लॉजकडून यायची. कुणाची बायको चर्चला जाते, मुलं कुठल्या शाळेत, तो स्वतः मिस्साला जातो का. वहीत दोन याद्या होत्या : 'कोरिंथ' म्हणजे बढती द्यावी असे, 'कार्थेज' म्हणजे अडवावे असे. कागद फोडले व्हादकारच्याच हाताखालच्या बिदगेंने, पैसे घेऊन. ४ नोव्हेंबरला सिव्हतों या खासदाराने आंद्रेंना सभागृहात थोबाडीत मारली. त्या थोबाडीमुळे सरकार तात्पुरतं सावरलं, कारण बिथरलेले सदस्य परत फिरले. आंद्रे १५ नोव्हेंबरला गेले.

कोंब वाचले, पण दोन-चार मतांच्या फरकांवर. आणि फक्त फाइल-प्रकरणाने बहुमत झिजलं असं लिहू नका. ऑगस्ट १९०४ मध्ये आम्स्टरडॅमला दुसऱ्या इंटरनॅशनलने (समाजवादी पक्षांची आंतरराष्ट्रीय संघटना) बूर्ज्वा सरकारांशी सोयरीक नको असा ठराव केला. कोंब यांची आघाडी चालायची ती 'देलेगास्यों दे गोश' या गटनेत्यांच्या समन्वय समितीवर, आणि तिच्यातला मुख्य माणूस समाजवादी नेता जोरेस. त्याला आता स्वतःच्या पक्षैक्यासाठी बाहेर पडावं लागणार होतं. १० जानेवारी १९०५ ला सभागृहाच्या अध्यक्षपदासाठी आघाडीचे ब्रिसों हरले आणि दुमेर निवडून आले. मतदान गुप्त होतं. उघड मतदानात जे हात वर होत ते गुप्त पेटीत फिरले. चार दिवसांनी विश्वासठराव कोंब यांनी जिंकला, पण हाताच्या बोटांवर मोजता येईल अशा फरकाने, आणि १८ तारखेला राजीनामा दिला. लिहायचं तर "ठराव जिंकूनही बहुमत उरलं नाही म्हणून राजीनामा" असं लिहा. २४ जानेवारीपासून रुव्हिए.

---

जुनेदप्तर

'डावे' हा प्रश्न राहिला. तेव्हाच्या अर्थाने, हो : सिनेटमधल्या 'गोश देमोक्रातिक' गटाचे नेते, आघाडीचं नाव 'ब्लोक दे गोश', पाठीशी समाजवादी. पण आर्थिक बाबतीत त्यांच्या सरकारने फारसं काही केलं नाही. आयकर हवा म्हणणाऱ्या आघाडीचा अर्थमंत्री तोच रुव्हिए, ज्याला आयकर नको होता. मार्च १९०४ मध्ये कामगारांच्या पेन्शनवरून मिलराँ यांनी सरकारला जवळजवळ पाडलं.

आणि 'नास्तिक' तर अजिबात लिहू नका. जानेवारी १९०३ मध्ये त्यांनी सभागृहात सांगितलं की नुसत्या धर्मनिरपेक्ष नीतिकल्पनांवर समाज चालणार नाही. त्यांच्याच बाकांवर गदारोळ झाला. एका कार्मेल मठाच्या प्रमुख, प्रिन्सेस बिबेस्को, यांच्याशी त्यांचा दीर्घ पत्रव्यवहार होता तो याच काळात.

---

टिपणवही

इथे थोडा मतभेद. क्लेमांसोही डॉक्टर, तेही जहाल, पण नोव्हेंबर १९०३ मध्ये शिक्षणावर शासनाची मक्तेदारी नको असं त्यांनी सिनेटमध्ये ठणकावून सांगितलं. वैयांसारखे समाजवादी डॉक्टर आणखी वेगळे. कोंब यांचा डावेपणा गावच्या महापौराचा : पाद्र्याला आवर घाला, शाळा आपल्या हातात ठेवा, मर्जी फक्त आपल्या माणसांवर. जून १९०२ मध्ये प्रेफेंना त्यांनी हेच कळवलं, की सरकारी कृपा प्रजासत्ताकाशी निष्ठा सिद्ध केलेल्यांनाच. त्यामुळे नोंदीत नुसतं 'डावे' न लिहिता 'रादिकाल' (जहाल प्रजासत्ताकवादी) लिहा.

---

पानगळ

सगळ्यांचे आभार, मसुदा नव्याने लिहितो. एक शेवटचं : काही ठिकाणी १९१५ मध्ये ते पुन्हा मंत्री दिसतात. ते हेच का?

---

सीमापार

हेच. २९ ऑक्टोबर १९१५ ते १२ डिसेंबर १९१६, ब्रियाँच्या युद्धकालीन मंत्रिमंडळात बिनखात्याचे राज्यमंत्री. मात्र 'राज्यमंत्री' या शब्दाने आपल्याकडे कनिष्ठ मंत्री समजतात, तिथे तो मान ज्येष्ठांचा होता, तेव्हा 'बिनखात्याचे मंत्री' एवढंच ठेवा. त्याच दर्जाच्या इतर मंत्र्यांत होते मार्क्सवादी ज्यूल गेद आणि धर्मसंघांची बाजू घेऊन वर्षानुवर्षं भांडलेले कॅथलिक खासदार दनी कोशें. कोंब तेव्हा ऐंशीचे होते आणि पोंसचं महापौरपद अजून सोडलेलं नव्हतं. मृत्यू २५ मे १९२१, पोंसलाच.